पुष्पगुच्छ घरी येतो तेव्हा

सत्कारात माणसाला तीन वस्तू मिळतात: शाल, श्रीफळ आणि पुष्पगुच्छ. पहिल्या दोन वस्तूंचं पुढं काय करायचं याबद्दल मराठी घरात मतभेद नसतात. शाल घडी न मोडता कपाटात जाते आणि पुढच्या कुणाच्या तरी सत्काराला बाहेर पडते. आमच्या नात्यात एक शाल अशी आहे, की प्रदीर्घ सेवेबद्दल आता तिचाच सत्कार करायला हवा. नारळ दुसऱ्या दिवशी फुटतो, निम्मा चटणीत आणि निम्मा सोलकढीत जातो. पुष्पगुच्छाचं मात्र कुणीच काही ठरवलेलं नसतं. तो रात्री साडेदहाला सत्कारमूर्तीच्या मांडीवर बसून घरी येतो आणि दारात चपला काढता काढताच प्रश्न निघतो, "हे आता ठेवायचं कशात?"

बाबांच्या पंचाहत्तरीच्या पत्रिकेत आम्ही 'कृपया पुष्पगुच्छ आणू नयेत' असं ठळक छापलं होतं. या ओळीचा आपल्याकडे अर्थ असा लावतात, की बाकीचे आणणार नाहीत, म्हणजे आपला उठून दिसेल. समारंभ संपला तेव्हा गाडीची डिकी फुलांनी भरली होती आणि मागच्या सीटवरून, ग्लॅडिओलसच्या आडून, आईचा नुसता आवाज येत होता. "अरे, काच खाली कर!"

तोपर्यंत त्या फुलांचे जे हाल व्हायचे ते होऊन गेलेले असतात. पुण्या-मुंबईच्या पुष्पगुच्छातला लांब देठाचा गुलाब, बाजारात ज्याला डच गुलाब म्हणतात, तो बऱ्याचदा मावळातल्या पॉलिहाऊसमधून आलेला असतो. तळेगावच्या आसपासचे शेतकरी व्हॅलेंटाइन डेच्या आधी याच गुलाबांचे खोके परदेशी धाडतात. तिथं फूल कापलं की लगेच पाण्यात आणि तिथून शीतगृहात, दोन-तीन अंशांवर. कारण तोडलेलं फूल जिवंतच असतं. ते श्वास घेतं, आणि तापमान दहा अंशांनी वाढलं की त्या श्वासाचा वेग दुप्पट-तिप्पट होतो. जवळ बांधून आणलेली शिदोरी तितक्याच वेगानं संपते. असा हा थंडीत लाडाकोडात वाढवलेला गुलाब बाहेरच्या जगात पाऊल टाकतो आणि पहिल्यांदा पोचतो कुठं, तर आपल्या मंगल कार्यालयाच्या व्यासपीठावर. वरून दिव्यांचा झोत, खाली पाण्याचा थेंब नाही आणि प्रमुख पाहुणे ट्रॅफिकमध्ये अडकलेले. मग प्रास्ताविक, मग पाहुण्यांचा परिचय, मग परिचय करून देणाऱ्याचा परिचय, मग 'मी आपला फार वेळ घेणार नाही' या वाक्यानंतरची पाऊण तासाची मनोगतं. पुष्पगुच्छाचं निम्मं आयुष्य भाषणं खातात. आभारप्रदर्शनापर्यंत जर्बेराची मान खाली गेलेली असते. श्रोत्यांचीही गेलेली असते, पण त्यांना पुढं बटाटेवडा मिळणार असतो.

घरी आल्यावर पहिला वाद पारदर्शक कागदावरून होतो. तो काढायचा की नाही? फुलांच्या दृष्टीनं याचं उत्तर एकच आहे. कागदाच्या आत दमट हवा कोंडते, पाकळ्यांवर राखाडी बुरशी धरते आणि देठांना पाणी मिळतच नाही. पण आपल्याला नव्या सोफ्यावरचं प्लास्टिक वर्षभर काढवत नाही, रिमोटला आपण पिशवीत घालून रबरबँड लावतो, तिथं इतका गुळगुळीत, चुण्यांचा, रिबीन बांधलेला कागद काढायचा म्हणजे जिवावर येतं. "राहू दे की, छान दिसतंय," असं निदान दोघं तरी म्हणतात. मी नेटानं कागद काढला. आत टाचण्या, तार, चिकटपट्टी आणि स्टेपलरच्या पिना असा ऐवज निघाला. जर्बेराच्या देठाला मान ताठ राहावी म्हणून नळी चढवलेली होती. दुरून डौलदार दिसणारी ही मंडळी आतून मानेला पट्टा लावून बसली होती, हे कळल्यावर बाबांना त्यांच्याबद्दल एकदम आपुलकी वाटली. त्यांनाही स्पाँडिलायटिसचा त्रास आहे.

टोपलीवाल्या पुष्पगुच्छांच्या तळाशी हिरवी वीट असते. ती फुलांसाठीच बनवलेल्या फोमची. व्हर्नन स्मिदर्स नावाच्या अमेरिकन गृहस्थानं १९५४ साली ती काढली. तिचा एक नियम आहे: भिजवताना ती पाण्यावर नुसती सोडायची आणि तिची ती बुडू द्यायची. हातानं दाबून बुडवली तर मध्ये हवा अडकते, बाहेरून ओली आणि आतून कोरडी राहते, आणि ज्यांचे देठ त्या कोरड्या भागात रुतलेत ते पाण्याच्या मधोमध तहानेनं मरतात. आपल्याकडे समारंभाच्या दिवशी वीट आपसूक बुडेपर्यंत थांबायला कुणाला वेळ असतो? शिवाय एकदा वाळलेली वीट पुन्हा नीट भिजत नाही. तेव्हा टोपली घरी आली की फुलं विटेतून उपटून सरळ पाण्यात ठेवावीत आणि वीट मुलांच्या हाती लागायच्या आत फेकावी. तिच्यात बोट रुतवलं की करकर असा आवाज येतो, आणि एकदा का तो आवाज ऐकला की मूलच काय, निवृत्त बँक मॅनेजरही थांबत नाही.

आता भांडं. लग्नात प्रत्येक जोडप्याला फुलदाण्या आहेर म्हणून येतात आणि त्या माळ्यावर, मूळ खोक्यात, 'काच – सावकाश' असं लिहून ठेवलेल्या असतात. त्या काढायच्या तर शिडी लागते, शिडी सोसायटीच्या ऑफिसात असते आणि ऑफिसची किल्ली सेक्रेटरींकडे. रात्री अकराला हे सगळं करण्यापेक्षा लोक हाताला लागेल ते भांडं घेतात. आमच्याकडे पितळी तांब्या, लिंबू-सेटचा काचेचा जग, बोर्नव्हिटाच्या बाटल्या आणि शेवटी बाथरूममधला मग इथवर मजल गेली. ग्लॅडिओलसच्या काड्या हातभर लांब असल्यामुळे बोर्नव्हिटाची बाटली भरलेली असूनसुद्धा आडवी झाली. ग्लॅडिओलसचा स्वभावच मुळात चमत्कारिक. तो आडवा ठेवला की शेंडा वर वळवून घेतो. गुरुत्वाकर्षणाच्या उलट दिशेला जायचं, एवढं एकच त्याला कळतं. डिकीत राहून गेलेली एक जुडी सकाळी काढली तर प्रत्येक काडी नाक वर करून काटकोनात उभी होती, आणि ती नाकं पुन्हा कधी खाली आली नाहीत.

यानंतर देठ कापायचे. आणि इथं कात्रीचा प्रश्न येतो. मराठी घरात कात्र्या पुष्कळ असतात, पण चालणारी एकच असते आणि ती कापडाची असते. तिनं कागद कापला तरी आईला समजतं. मी तिला गुलाबाच्या देठाशी नेताना आईनं मला असं पाहिलं, की मी कात्री तिथंच खाली ठेवली. दुधाच्या पिशवीची कात्री कापत नाही, चेचते. ते फुलाला अजिबात चालत नाही. त्याचं कारण समजायला जरा लांबून यावं लागेल.

इंग्लंडात स्टीफन हेल्स नावाचे एक पाद्री होते. १७२७ साली त्यांनी 'व्हेजिटेबल स्टॅटिक्स' नावाचं पुस्तक काढलं. कुंडीतलं सूर्यफुलाचं रोप रोज तराजूत घालून ते किती पाणी पितं आणि पानांतून किती हवेत सोडतं, याचा चोख जमाखर्च त्यांनी मांडला. याच गृहस्थांनी घोड्याचा रक्तदाबही मोजला होता. बाबा सकाळ-संध्याकाळ स्वतःचा रक्तदाब मोजून वहीत मांडतात, त्यामुळे ही माहिती ऐकून त्यांनी 'घोड्याचा किती निघाला?' एवढंच विचारलं. तर मुद्दा असा, की देठात केसाहून बारीक नळ्या असतात आणि त्यांत पाण्याची सलग धार असते. वर पानापाकळ्यांतून पाणी उडून जातं आणि त्या ओढीनं खालचं पाणी वर चढतं. देठ कापला की धार तुटते आणि नळ्यांत हवा शिरते. हवेचा बुडबुडा एकदा आत बसला की फूल पाण्यात उभं असून वाळतं. म्हणून घरी आणल्यावर देठ बोटभर पुन्हा कापायचा, जमल्यास पाण्यात बुडवून, आणि धारदार पात्यानं, म्हणजे नळ्या चेचल्या जाणार नाहीत. तिरका कापायचा तो एवढ्यासाठी, की देठ भांड्याच्या बुडाशी सपाट टेकून तोंड बंद करून बसू नये.

धारदार पातं म्हटल्यावर आईनं विळी काढली. मग ती पाटावर बसली, पुढ्यात परात, परातीत पाणी, आणि शेवग्याच्या शेंगा चिराव्यात तसे तिनं सगळ्या मावळाचे गुलाब पाण्याखाली सपासप तिरके करून टाकले. इतकं शास्त्रशुद्ध काम मी फुलवाल्याकडेसुद्धा पाहिलेलं नाही. फुलवाला कात्रीनं, हवेत आणि फोनवर बोलत कापतो.

"जपानीत याला मिझुकिरी म्हणतात," शेजारच्या काकू म्हणाल्या. काकू इकेबाना शिकल्या आहेत. फुलांचा वास आला की त्या येतात. येताना स्वतःची काळी उथळ थाळी आणि खिळ्यांचं बूड घेऊन येतात. इकेबानात पाण्यातच देठ कापायची रीत आहे खरी. पण काकूंचा खरा आक्षेप आमच्या संख्येला होता. एका जगात इतकी फुलं कोंबली तर हवा खेळत नाही, पाकळ्या एकमेकींवर घासतात, एक कुजली की शेजारणीला घेऊन जाते. मग त्यांनी चहाचे आचार्य सेन नो रिक्यू यांची गोष्ट सांगितली. रिक्यूंच्या बागेत मॉर्निंग ग्लोरीचा बहर आला आहे असं ऐकून जपानचा सत्ताधीश हिदेयोशी पाहायला गेला, तर बागेत एक फूल नाही. सगळी कापून टाकलेली. चहाच्या खोलीत मात्र एकच ठेवलेलं. "कळलं का?" काकूंनी विचारलं. आईला इतकंच कळलं, की कुणीतरी बागभर फुलं कापली आणि देवाला एकही वाहिलं नाही. काकूंनी आमच्या ढिगातून तीन फुलं आणि एक वाकडी काडी निवडली, त्यांची थाळी सजवली आणि ती घेऊन त्या स्वतःच्या घरी गेल्या. उरलेली गर्दी आमच्याकडेच राहिली.

इथपर्यंत सगळं रीतसर चाललं होतं. स्वच्छ भांडं, स्वच्छ पाणी, पाण्यात बुडणारी पानं खुडून काढलेली, देठ ताजे कापलेले. खरं तर काम इथं संपतं. पण आजारी माणूस आणि फुलदाणी या दोन गोष्टी घरात आल्या, की औषध सुचवणाऱ्यांना घरी बसवत नाही.

पहिली गोळी बाबांनी टाकली. अँजिओप्लास्टीनंतर त्यांना रोज लहान ॲस्पिरिन घ्यावी लागते. 'रक्त पातळ होतं, पाणी चढेल', असा त्यांचा हिशेब. ॲस्पिरिननं पाणी किंचित आम्ल होतं, आणि आम्ल पाणी देठात सहज चढतं, एवढं यात तथ्य आहे. पण ज्यांनी ज्यांनी फुलांवर ॲस्पिरिनचे प्रयोग करून पाहिले, त्यांची उत्तरं काही एकमेकांशी जुळत नाहीत. बाबांना याचं काही नाही. ते रात्री स्वतःची गोळी घेताना एक जर्बेराला देत. दोघांची मान आणि दोघांची गोळी एकच झाल्यावर त्यांचं सूत फारच जमलं.

मामांचा विश्वास तांब्याच्या नाण्यावर. तांबं जंतू मारतं हे खरं, पण तांब्याचं अखंड नाणं पाण्यात विरघळून विरघळणार किती? आणि मुख्य म्हणजे हल्लीच्या नाण्यांत तांबं कुठाय? आजचा रुपया स्टेनलेस स्टीलचा. तो फुलदाणीत टाकला तर फुलदाणीत एक रुपया आहे, एवढंच होतं. मामांनी मग संग्रहातला १९५७ सालचा ब्राँझचा नया पैसा आणला. तो जगात टाकला आणि मग रोज येऊन जग उचलून, नाणं आहे ना, हे बघून जाऊ लागले. फुलांकडे त्यांचं लक्ष नव्हतं.

मुलीनं कुठल्याशा रीलमध्ये पाहून लिंबाच्या चवीचं शीतपेय ओतलं. हे मात्र दिसतं तितकं अचाट नाही. फुलाला पाण्यातून तीन गोष्टी हव्या असतात: खायला साखर, पाणी चढायला थोडं आम्ल आणि जंतूंना आवरायला काहीतरी. पुष्पगुच्छाबरोबर कधीकधी पूड भरलेली जी पुडी येते, तिच्यात हेच तिन्ही असतं. शीतपेयात साखर आणि सायट्रिक आम्ल दोन्ही आहे, तिप्पट पाण्यात ते चालतं. फक्त आमच्या कन्येनं घरात होतं ते डाएटचं ओतलं. त्यात साखर नसते. गुलाबांना कॅलरी मोजायची सवय नसल्यामुळे त्यांना ते मानवलं नाही.

घरच्या घरी करायचं तर लिटरभर पाण्याला मोठा चमचाभर साखर, दोन मोठे चमचे लिंबाचा रस आणि कपड्यांच्या ब्लीचचा लहान पाव चमचा. ब्लीच विसरायचं नाही, कारण नुसती साखर टाकली तर फुलाआधी जंतू जेवून घेतात. पाणी गढुळतं, देठ बुळबुळीत होतात, नळ्या तुंबतात. वाचकांच्या लक्षात आलं असेल, की ब्लीच सोडलं तर हे लिंबाचं सरबत आहे. आमच्याकडे ते लिंबू-सेटच्याच जगात होतं. बायकोनं जगावर 'फुलांचे – पिऊ नये' अशी चिठ्ठी लावली. तरी एक पाहुणे ती वाचून म्हणाले, "बिनसाखरेचं आहे का?"

एका मित्रानं फोनवरून व्होडकाचा पेगही सुचवला होता. तो प्रयोग त्याच्याच घरी होऊ शकतो, असं आम्ही कळवलं.

औषधांपेक्षा मोठा घोळ आपण जागेत घालतो. फुलदाणी ठेवायच्या आपल्या मानाच्या जागा घ्या. टीव्हीशेजारी: तिथं गरम हवा. फ्रिजच्या डोक्यावर: तिथंही गरम हवा. खिडकीत: ऊन. दिवाणखान्याच्या मधोमध: थेट पंख्याखाली, म्हणजे देठानं जितकं वर चढवलं त्याच्या दुप्पट पाकळ्यांतून उडालं. आणि सगळ्यांत आवडती जागा म्हणजे जेवणाचं टेबल, फळांच्या टोपलीला लागून. चित्रांत तसंच असतं ना! फळं आणि फुलं शेजारी शेजारी. चित्रकाराला काय, त्याला कॅनव्हासवरची फुलं टिकवायची होती.

पिकणारं फळ इथिलीन नावाचा वायू सोडतं. हा वायू झाडा-फुलांना बाधतो, याचा छडा गमतीशीर रीतीनं लागला. १९०१ साली रशियात दिमित्री नेल्युबॉव्ह यांना प्रयोगशाळेतल्या वाटाण्याचे कोंब वेडेवाकडे वाढताना दिसले आणि दिव्यांच्या गॅसमधलं इथिलीन त्याचं कारण निघालं. पुढं शिकागोच्या काचघरांत कार्नेशनच्या उमललेल्या पाकळ्या आत मिटून जायला लागल्या, कळ्या उमलेनात. १९०८ साली क्रॉकर आणि नाइट या दोघांनी दाखवलं, की तिथंही दिवे जाळायच्या गॅसमधल्या इथिलीनचाच हात आहे आणि त्याचा अगदी नाममात्र अंश पुरतो. आपल्या घरात गॅसचे दिवे नाहीत. पण केळ्यांचा घड आहे, सफरचंदं आहेत आणि मे महिन्यात आतल्या खोलीत गवतात आंब्याची अढी घातलेली आहे. इतकं इथिलीन त्या शिकागोकरांनी जन्मात पाहिलं नसेल. हॉस्पिटलात भेटायला जाताना आपण एका हातात फळांची करंडी आणि एका हातात कार्नेशनचा गुच्छ नेतो आणि दोन्ही पेशंटच्या उशाशी एकाच स्टुलावर ठेवतो. पेशंट बरा होऊन घरी जातो. कार्नेशनला ते भाग्य नाही. ऑर्किडचंही तसंच. शेवंती आणि जर्बेरा मात्र जाड कातडीचे, त्यांना केळ्यांचं फारसं काही वाटत नाही.

धुरातही इथिलीन असतं. अझोर्स बेटांवरचे अननसवाले काचघरात मुद्दाम धूर करून अननसाला फुलोरा आणत आले आहेत. म्हणजे बघा: समई तेवते आहे, उदबत्ती जळते आहे, नैवेद्याला केळी ठेवली आहेत. तोडलेल्या फुलानं लवकरात लवकर मान टाकावी यासाठी याहून चोख व्यवस्था कुठल्या प्रयोगशाळेला साधणार नाही. आणि गंमत म्हणजे देवघरात कुणाची त्याबद्दल तक्रारही नाही. देवाचं फूल संध्याकाळपर्यंत टिकलं की झालं, दुसऱ्या दिवशी ते निर्माल्य. बेल आणि तुळस तेवढी शिळी होत नाही. बाकी सगळ्यांचा करार एका दिवसाचा. आईच्या लेखी म्हणूनच हा सगळा फुलदाणीचा उद्योग म्हणजे शिळं फूल ताजं आहे असं भासवणं. मी तिला रात्रीच सुचवलं, की यातले थोडे गुलाब देवाला वाहा, तर म्हणाली, "अरे, त्या प्रमुख पाहुण्यांनी हुंगलेत ते." वास घेतलेलं फूल देवाला चालत नाही. पाहुण्यांनी बरोबर कोणकोणते हुंगले याची खात्री नसल्यामुळे सगळाच गुच्छ बाद झाला.

तिच्या फुलांचं शास्त्रच वेगळं. सकाळी दाराच्या कडीला फुलपुडी अडकवलेली असते. झेंडू, शेवंती, तगर, दुर्वा, सगळी बिनदेठाची. ज्याला देठच नाही ते पिणार कसं? तेव्हा त्यांना पाणी पाजायचं नसतं, त्यांच्यातलं उडू द्यायचं नसतं. म्हणून आधीच्या पिढ्या फुलं केळीच्या पानात नाहीतर ओल्या पंच्यात गुंडाळून ठेवत. गजऱ्याचंही तेच. ओल्या रुमालात गुंडाळून, स्टीलच्या डब्यात, झाकण लावून फ्रिजमध्ये. फक्त आपल्या फ्रिजमधले स्टीलचे डबे सगळे सारखेच दिसतात. लग्नाला निघायच्या घाईत बायकोनं डबा उघडला तर त्यात भिजवलेली मटकी, आणि गजरा भाजीवाल्या डब्यात, कोथिंबिरीच्या वासासकट. जास्वंदीला तर तेवढंही लागत नाही. तिचं आयुष्यच एका दिवसाचं, पाण्यात ठेवा नाहीतर ताटात ठेवा, संध्याकाळी ती मिटणार म्हणजे मिटणार. औषध सुचवणाऱ्या मंडळींना तिच्याकडे कामच उरत नाही.

फ्रिजवरून आठवलं. पुष्पगुच्छ रात्री फ्रिजमध्ये ठेवावा, असा सल्ला हमखास मिळतो. गुलाबाला थंडी मानवते हे वर आलंच. पण अँथुरियम आणि ऑर्किड ही उष्ण प्रदेशातली लेकरं, घरच्या फ्रिजची थंडी त्यांना बाधते, पाकळ्या काळवंडतात. शिवाय त्याच फ्रिजच्या खालच्या कप्प्यात सफरचंदं बसलेली असतात. आणि मुळात आपल्या फ्रिजमध्ये जागा कुठं आहे? तिथं कालची आमटी, परवाचं वरण आणि कुणीच कबूल न केलेली एक वाटी आधीपासून राहते.

गुलाबाची मान मोडल्यासारखी लटकली तर मात्र एक उपाय खरंच लागू पडतो. कारण बहुतेक वेळा ते म्हातारपण नसतं, नळीत अडकलेली हवा असते. देठ पुन्हा कापायचा आणि आख्खा गुलाब, डोक्यासकट, पाण्यात तासभर आडवा ठेवायचा. पुष्कळदा उठून बसतो. परदेशात यासाठी बाथटब असतो. आपल्याकडे आंघोळीची बादली. सकाळी सव्वासातला, नळाला पाणी असताना, गिझर तापलेला असताना, बादलीत गुलाब झोपलेले आणि बाहेर बाबा पंचा गुंडाळून उभे, हा प्रसंग ज्या घरात येतो तिथं फुलांवरचं प्रेम खरं किती आहे ते समजतं. "अजून किती वेळ?" बाबांनी विचारलं. "वीस मिनिटं," मी म्हणालो. "त्यांना विचार, पाठ चोळून हवी आहे का," असं बोलून ते पेपर वाचायला गेले.

पाणी दर दोन दिवसांनी बदलायचं असतं. ते कुणीच बदलत नाही. सगळ्यांना औषध टाकायचं असतं, पाणी बदलायचं नसतं. त्यातून पाणी बदललं तर मामांचा पैसा, बाबांची गोळी आणि कन्येचं शीतपेय सगळंच ओतलं जाणार, म्हणजे तिघांचा अपमान. मग एके सकाळी घरात वास येतो. पहिला संशय बेसिनवर, दुसरा उंदरावर, तिसरा वरच्या मजल्यावरच्यांवर. प्लंबर येऊन जातो. शेवटी कुणीतरी जगापाशी वाकतं आणि एकदम सरळ होतं.

पुष्पगुच्छ एकदम संपत नाही, पक्षासारखा फुटत जातो. आधी जर्बेरा जातो, त्याला मुळात चार बोटांहून जास्त पाणी नको होतं. मग गुलाब. ग्लॅडिओलसची खालची सुकलेली फुलं खुडत राहिलं तर वरच्या कळ्या बरेच दिवस एकेक करून उघडत राहतात. उरलेल्यांना दर खेपेला लहान भांड्यात हलवावं लागतं: जगातून तांब्यात, तांब्यातून पेल्यात, पेल्यातून औषधाच्या बाटलीत. सर्वांत शेवटी उरते शेवंती आणि जिला कुणी फूल म्हणून मोजलंच नव्हतं ती हिरवी भरताड. सगळ्यांत आधी कोण गेलं यावरून आमच्याकडे औषधांचा निकाल लावायचा प्रयत्न झाला. प्रत्येकाच्या मते त्याचं औषध लागू पडलं होतं आणि फुलं दुसऱ्याच्या औषधानं गेली होती.

यावर सोसायटीच्या सेक्रेटरींनी तोडगा काढला आहे. इथून पुढं सोसायटीच्या कार्यक्रमात पुष्पगुच्छ बंद, सत्कारमूर्तीला रोप द्यायचं. पर्यावरणही राखलं जातं, कचराही होत नाही. पहिलं रोप बाबांनाच मिळालं. आंब्याचं आहे, कलमी. माळी म्हणाला, तीस-चाळीस वर्षं आरामात जगेल, फक्त जमिनीत लावा, चहूबाजूंनी पंधरा फूट मोकळी जागा सोडून.

आम्ही चौथ्या मजल्यावर राहतो. रोप सध्या बाल्कनीत वॉशिंग मशीनच्या शेजारी आहे, आणि मामा कालच विचारून गेले, त्याच्या मुळाशी तांब्याचं काही घातलंय का म्हणून.